भिंत हलते

देवळाली कॅम्पात मर्झबानच्या भंगारात
गोऱ्या सोल्जरांच्या कँटीनचा एक गंजका डबा.
आत चार मिनिटांचं रीळ, व्हिनेगरचा वास.
पाटीवर अमेरिका, साल एकोणीसशे तेरा,
खाली एकाच माणसाची सही.

नेहरूनगरच्या क्वार्टरात चादर ताणली.
बागूलमामा खुर्ची ओढून पुढे बसले.
चौतीस वर्षं नोटांच्या छापखान्यात, तपासणीला.
डोळ्याला भिंग.
एक रेघ हलली की शीट बाद.

चादरीवर बकरी. आवाज नाही, रंग नाही.
छत्री खाते, मग घड्याळ,
मग पायाखालची जमिनीची रेघच चघळते
आणि पडत नाही.
शेजारची पोरं खिदळली.
मामा म्हणाले, "भिंत हलतेय."

खरंच. बकरीमागची भिंत
तापल्या पत्र्यावरच्या हवेसारखी थरथरत होती.
मी वाचलेलं सांगितलं:
पारदर्शक कचकडा अजून यायचा होता,
बकरीचा कान हलवायचा तर भिंतही नव्याने काढायची,
दर चित्राला, वीट न् वीट.

"सेकंदाला सोळा," मामा पेरं मोजू लागले,
"तीन हजार आठशे चाळीस भिंती.
एकट्याने?"
नाही. हाताखाली पोरं असणार, रोजावर.
बकरी साहेबाची, भिंत पोरांची.
"आमच्याकडेही सही गव्हर्नरचीच,"
मामा एवढंच बोलले.

मग बराच वेळाने:
"लाखात एक वेगळी निघू नये म्हणून आम्ही बसायचो.
इथे दोन सारख्या निघाल्या
की बकरी मेली."

पुढचं मी सांगत राहिलो, कुणी ऐकत नव्हतं.
कचकडा आला. भिंत एकदाच रंगवून मागे ठेवू लागले.
भिंती गप्प झाल्या.
मग आवाज आला, रंग आला,
गाणारी, शिट्ट्या मारणारी जनावरं आली,
सगळी त्या गप्प भिंतींपुढे नाचली.
भिंत काढणारी पोरं कुठे गेली
ते मी वाचलेल्यात नव्हतं.

रीळ संपलं. शेपूट चाकावर फटफटत राहिलं.
पोरं पांगली.
मामांच्या बशीत चहा हलत होता,
त्यांनी ती खाली ठेवली.

"परत लाव," म्हणाले.
"बकरीकडे बघू नको.
डावीकडे, तिसऱ्या रांगेत, कडेची वीट.
मधेच नाहीशी होते.
तिथं कुणाला तरी
डुलकी लागलीय."