येतो

नाव हौसा. पडद्यावर बेबी हंसा.
सातव्या वर्षी डोक्यात मोरपीस, अंगभर निळा रंग.
शॉटच्या आधी मामा दंडाला चिमटा काढायचा,
डोळे भरले की म्हणायचा, जा आता.

रात्री आई रंग घासायची वजरीनं.
कानामागं राहायचाच थोडा.
शाळेत पोरी म्हणायच्या, सरका, देव आलाय.

पुढं परकर, मग नऊवारी.
डायरेक्टर पुण्याचे. पहिलंच वाक्य :
आई, मी येतो.
कट.
‘येते’ म्हणा. बाई आहात ना तुम्ही?

आता आमच्या मंगळवार पेठेत
बायका येतो म्हणतात, जेवतो म्हणतात,
आई तर शेवटच्या दिवशी
जातो गं, म्हणाली.

चौदा टेक झाले.
पंधराव्याला म्हणालो, येते.
मग बसलं ते गळ्यात.
गाण्यात तर काकवीसारखं ओघळायचं.
बत्तीस सिनेमांत मी येते, लाजते,
दोनदा विष घेते.
घरी आलो की चपला काढायच्या
आणि भाकरी मागायची, जेवतो म्हणून.

मामा गेला. दारात तिरडी,
गल्ली सगळी माझ्या डोळ्यांकडं बघत.
पाणी येईना.
पदराखाली माझाच दंड धरला मी,
जुन्या जागी.

परवा भाचीच्या पोरीनं फोनवर दाखवलं :
खरवडलेली फिल्म, मोरपीस,
दारातला तो निळा पोरगा
वळून म्हणतो, आई, येतो.

परत लाव, म्हटलं.
कुणीच कट म्हणत नाही.