सात टिचक्या

रायबंदरच्या धक्क्यावर टॅब चालू केला.
फेरीबोट चोडणला टेकली
तरी पडद्यावरचं ते गोल फिरतच होतं.
अंगणवाडीचा टॅब. सरकारी.
पाठीवर नंबर रंगवलेला, शाळेच्या बाकासारखा.

दोर टाकणारा उल्हास म्हणाला, "बाय, दी पळोवया."
हात ग्रीसचे, म्हणून करंगळीनंच
सेटिंगमध्ये खाली खाली गेला,
बिल्ड नंबरवर सात टिचक्या मारल्या.
आई दृष्ट काढताना सातच मिरच्या घ्यायची.
मी मोजत होते.

"आता पानं सरकत येणार नाहीत," म्हणाला,
"नुसती येतील."
मग माझ्या मुलाच्या तीन मोटारी उडवल्या,
पोषण पंधरवड्याचे एकशे चाळीस फोटो
(बहुतेकांत मी डोळे मिटलेली),
आणि टॉर्चची चार ॲप,
एकाचाही उजेड कधी न पडलेली.
पैसे घेईना. पलीकडून स्कूटरवाले हॉर्न देत होते.

अकराला वजनं घ्यायला बसले.
नाव टाकलं, रकाना हजर.

एरवी रकाना उघडेपर्यंत
शमिका चप्पल काढायची, पुन्हा घालायची,
काट्यावर चढायची, उतरायची,
खाजनाच्या बांधावर बगळा काय करत होता
ते करून दाखवायची,
आणि मग कधीतरी मी लिहायची :
अकरा किलो दोनशे.

आज रकाना थांबलाय.
आत एक बारीक रेघ लुकलुकतेय.
शमिकाच्या एका चपलेचा बंद सुटत नाहीय
आणि मांजरीला, म्हणते, तीन पिल्लं,
नाही, चौथं पण, ते ना...

मी टॅब पालथा ठेवते.