काळी दोन

शांतवन हिवाळेचा पियानो
माझ्या दुकानात आहे, भोपळ्यांच्या मागं.
विकायचा नाही. विचारू नका.

मिरजेत जवारी काढणारे पुष्कळ,
पियानोवाला एकच झाला,
आणि त्यालाही गल्लीनं
शेवटपर्यंत पेटीमास्तरच म्हटलं.

आई सालोमीबाई, मिशन हॉस्पिटलात नर्स.
रात्रपाळीला पोराला ठेवायचं कुठं?
चॅपेलच्या बाकावर, शाल घालून.
पोरगं झोपायचं नाही.
तिथं मडमेचा पियानो, एक पाय वाळवीनं खाल्लेला,
आणि मधल्या सप्तकातली काळी दोन
दाबली की खालीच बसायची, रुसल्यागत.
मग ह्यानं शेजारच्या दोघी, पांढरी दोन, पांढरी तीन,
एकदम दाबल्या
आणि त्यांच्या भांडणातनं तिचा आवाज काढला.
दहा वर्षांचा होता.
पाद्री म्हणाले, हे चूक आहे.
सालोमीबाई म्हणाल्या, असेल.
पण वॉर्डात रात्री असंच ऐकू येतं.

तेव्हा आमच्या स्टेशनात तीन मापांचे रूळ,
रुंद, मधला, अरुंद.
तीन गाड्या एका वेळी हलल्या
की तीन ताल एकमेकांत पाय घालून चालायचे
आणि पडायचं कुणीच नाही.
शांतवन पुलावर उभा राहून मांडीवर मोजायचा.
मी शेजारी, शेंगा खात.
मला गाड्याच ऐकू यायच्या.

पुढं मुंबईला, समुद्राकडच्या हॉटेलात.
पांढरा कोट भाड्याचा, बो तेवढा स्वतःचा.
बँडमास्तरानं बारसं केलं: शॉन हिल.
लोक जेवायचे, हा वाजवायचा,
काट्याचमच्यांतनं उरेल तेवढा आवाज ह्याचा.
एकदा बोटीवरनं उतरलेला कुणी सॅक्सोफोनवाला
रात्रभर ह्याच्या बोटांकडं बघत बसला.
उठताना म्हणाला, दोन पट्ट्या अशा चिरडतोस,
कुणाकडं शिकलास?
हा म्हणाला, मिरजेत. एक पट्टी अडकली होती.
तो इतका हसला की डोळ्यांत पाणी आलं.
मग हसणं थांबलं,
पाणी नाही.

पाच मात्रांची एक चीज बांधली ह्यानं,
'कुर्डुवाडी पॅसेंजर'.
तबकडी निघाली. लेबलावर 'कर्डी वाडी',
खाली संगीतकार म्हणून बँडमास्तर.
ह्याला तीनशे रुपये, सही घेऊन.
त्यात आईची कवळी झाली.
ह्या गोष्टीवर तो कधी चिडला नाही.
चिडायचो मी,
तो चहा मागवायचा.

मग हॉटेलांतनं बँड उठले.
स्टुडिओत चाळीस जणांचं काम
एक यंत्र करायला लागलं, त्याला डबा लागत नव्हता.
हॉटेलनं पियानो लिलावात काढला तो ह्यानं घेतला
आणि सांगलीची हळद उतरवून परतणाऱ्या ट्रकात
घालून आणला.
अजून झाकण उघडलं की
खालच्या सप्तकात हळदीचा वास येतो.

मी म्हटलं, लावून देतो. तार ती तार.
दोनशेच्यावर निघाल्या,
सतारवाल्याचं कंबरडं मोडलं.
सगळ्या पट्ट्या धड केल्या, काळी दोन तर दोनदा.
त्यानं ती दाबली. वाजली. स्वच्छ.
"छान आहे," म्हणाला,
पाहुण्यांच्या घरचं पोहे खाऊन म्हणतात तसं,
आणि परत शेजारच्या दोघींकडं गेला.

पियानोला जवारी नसते, मी चिडवायचो.
असते, तो म्हणायचा,
बोटांना काढावी लागते.

अरुंद रूळ उखडले त्या आठवड्यात
तो पुलावर आला नाही.
डावा हात तोवर गेलेला.
एका हातानं पाच मात्रा वाजवत बसला होता,
डाव्याच्या जागा मोकळ्या सोडून.
मी दारात उभा, चपला हातात.
त्या मोकळ्या जागांतनं
गाडी जात होती.

आता तो नाही. यंदा कृष्णेची हवा दुकानात फार आली,
भोपळे जपले, पियानो राहिला.
काळी दोन परत फुगलीय,
दाबली की खालीच बसते.

कानस इथंच आहे, खुंटीला.
पाच मिनिटांचं काम.
करत नाही.