ना हरकत

फाईल माझ्या टेबलावर आली तेव्हा
तिला पाच वर्षं झाली होती, मला नोकरीत पाच महिने.
अर्जदार: खंडेराव बापूसाहेब पवळे, धंदा लाकडाची वखार,
राहणार भवानी पेठ.
विषय: वखारीच्या मोकळ्या जागेत
कायम स्वरूपाचे चित्रपटगृह बांधणेस परवानगी मिळणेबाबत.

नियम सोपा. जागेवर पाटी लावा, तीस दिवस थांबा,
कोणाची हरकत असेल तर लेखी घ्या.
पुण्यात लेखी घ्या म्हटलं की
लोक चष्मे पुसून बसतात.
सत्तेचाळीस आल्या.
मुख्याध्यापक केळशीकर: मुले मागील भिंतीवरून उड्या मारतील.
प्रसूतिगृहाच्या डॉ. मेहेर दस्तूर: रात्री साडेबारानंतर टांगे.
एकानं लिहिलं, माझी सिनेमाला हरकत नाही,
पवळ्यांना आहे.
आणि श्रीमती चंद्रभागा लोणकर, निशाणी डावा अंगठा,
ज्यांना ध्वनिलहरींचे दुष्परिणाम
चार टंकलिखित पानं माहीत होते.
पलीकडच्या पेठेतल्या थेटरात त्या
खेळ सुटल्यावर बाकं झाडायच्या,
हे फार पुढे, कोर्टात निघालं.

कलेक्टरांनी नाकारली. सरकारनं अपिलात दिली.
हायकोर्टानं परत पाठवली: पुन्हा ऐका.
पुन्हा ऐकलं.
सगळं भांडण शेवटी एका शब्दावर येऊन बसलं, अंतर.
शाळेपासून दोनशे फूट, पण कसे?
कावळ्यानं मोजायचे की पोरानं?
पवळ्यांचे वकील म्हणाले, पोरानं, बोळाची वळणं धरून: दोनशे एकोणीस.
समोरचे म्हणाले, सरळ रेषेत: एकशे ब्याण्णव.
सत्तावीस फुटांत अकरा वर्षं गेली.

स्थळपाहणीला मीही गेले, पंचनामा लिहायला.
मोजणीदार शिकलगार साखळी टाकत होते
आणि सगळी पेठ लोटलेली.
सज्ज्यांत बायका, भुशाच्या ढिगावर पोरं,
शेंगदाणेवाला तर आमच्याही आधी हजर.
साखळी ताणली की चिडीचूप,
आकडा पुकारला की शिट्ट्या.
कोणीतरी मागून ओरडलं, ओ पुढचे, बसा की खाली!
पवळे सागाच्या ओंडक्याला टेकून उभे होते.
साखळीकडे त्यांचं लक्षच नव्हतं.
ते गर्दी मोजत होते, ओठांतल्या ओठांत.

नकाशा फाईलच्या शेवटच्या खिशात असे.
निळा, अमोनियाच्या वासाचा, घड्यांवर विरलेला.
सहाशे बारा खुर्च्या, एकेक काढलेली, तांदळाएवढी.
डबा संपला की मी तो उघडायची.
बाल्कनी, फ रांग, चौदा नंबर.
तिथून खांब आड येत नाही,
मी पट्टी लावून पाहिलं होतं.
खालच्या रांगेत कधी केळशीकर सर बसवायची,
लोणकरबाईंना एकदा थेट बॉक्समध्ये,
पाय वर घेऊन.

निकाल मे महिन्यात आला.
‘ना हरकत देण्यास हरकत नाही.’
वाक्य मीच टाइप केलं, दोनदा वाचलं, कागद बदलला नाही.
शिपाई प्रत बजावायला गेला आणि प्रत घेऊनच परत आला.
शेरा: पत्ता बरोबर, इसम मयत.
मुलगा म्हणाला म्हणे, आता घरोघर व्हिडिओ आलेत,
वडिलांचं एक वेड होतं.
जागेत तो प्लायवूड ठेवतो.
शाळा तर केव्हाच वानवडीला गेली.

निवृत्तीच्या आदल्या आठवड्यात मी अभिलेख लावत होते.
असल्या फाईलींवर ‘क’ लिहायचा असतो,
पाच वर्षांनी नष्ट.
मी ‘अ’ लिहिला. कायम जतन.
सही साहेबांची, नेहमीसारखी न वाचता केलेली.
कोणाची हरकत असेल तर घ्यावी, लेखी, तीस दिवसांत.
फीत बांधताना गाठ मात्र सैलच ठेवली.
नकाशाच्या कोपऱ्यात अग्निशमनवाल्यांची सूचना आहेच,
तांबड्या शाईत:
दारे बाहेरच्या बाजूस उघडणारी असावीत.