तोट्याचा रकाना

धंतोलीच्या दवाखान्यात चपला बाहेर,
हात कोपरापर्यंत धुतलेले.
पंचशील चौकातल्या पाटीवर पंचेचाळीस पॉइंट आठ,
आणि आत सिस्टर रंगारी म्हणते,
"लेकरू थंड पडून राह्यलं, भाऊ."

एरवी मी हसलो असतो.
मे महिन्यात, नागपुरात, थंड!
डांबर टाचेला चिकटतं, कुलरची टाकी दुपारीच दोनदा भरावी लागते,
कुत्री नालीकाठची माती उकरून पोटाखाली ओल शोधतात,
आणि अकराशे चाळीस ग्रॅमचा माझा मुलगा
पस्तीस पॉइंट चारवर.
घोट्याला पट्टी: बेबी ऑफ ज्योत्स्ना निखारे.
आडनाव निखारे असून.

उष्णता मला कळते, असं मी समजत होतो.
एकोणीस वर्षं कोराडीला,
दर तासाला आकडे लिहिणारा माणूस मी.
किती कोळसा, किती वाफ, किती युनिट.
शंभर जाळले तर पस्तीसेक तारेत जातात,
बाकीचे कूलिंग टॉवरच्या तोंडातून, धुराड्यातून, राखेतून.
त्यांच्यासाठी शेवटचा रकाना. तोटा.
क्वचित पट्ट्यावरच्या ढेपेत पानाचा ठसा सापडतो,
शिरासुद्धा दिसतात.
त्या पानानं साठवलेलं ऊन
कोट्यवधी वर्षं उमरेडच्या पोटात झोपून होतं,
ते आपण एका रात्रीत कुलरला, टीव्हीला…
असो.
फुकट काही मिळत नाही, विकतचंही पुरतं हाती येत नाही,
हे आमच्याकडे नवा पोरगाही आठ दिवसांत शिकतो.

सव्वातीनला वीज गेली.
जनरेटर दोनदा खोकला, गप्प झाला.
वॉर्मरची लाल कांडी आधी तांबूस, मग राखाडी.
ज्योत्स्ना वरच्या मजल्यावर, टाके ओले.
सिस्टरनं विचारलं नाही.
माझ्या शर्टाची बटणं तिनंच सोडली
आणि ठेवलं त्याला छातीवर, बेडकासारखं,
वरून दुपट्याची घडी.
"हलू नका. श्वास घ्या फक्त."

सकाळी मी तर्री-पोहे खाल्ले होते, दोन प्लेट, उभ्यानं.
भीतीनं मला भूक लागते.
पोहे म्हणजे भंडाऱ्याकडच्या धानावरचं ऊन,
तर्रीतले चणे म्हणजे हिवाळ्यातलं.
ते आता माझ्यात कुठं कुठं जळत होतं
ज्वाळेवाचून, धुरावाचून,
आणि हिशेब इथंही तोच:
थोडं हृदयाला, थोडं फुप्फुसाला, थोडं काळजी करायला,
उरलेलं सगळं कातडीतून बाहेर.
चादरीत, बसच्या सीटवर, कुणाशी हात मिळवताना
एकेचाळीस वर्षं सांडत आलो,
नोंद न करता.

तो तेवढंच घेत होता.
माझं काम नाही, पगार नाही, नाव नाही,
मला जे ठेवता येत नाही
ते.

चाळीस मिनिटं.
दोन वस्तू सारख्या तापल्या की वाहणं थांबतं,
पुस्तकात त्याला समतोल म्हणतात,
आणि मला त्या शब्दाचीच धास्ती.
पण मग बरगडीपाशी एक ठिपका जाणवला,
पावलीएवढा, माझा नसलेला.
नळीतून गेलेलं तीन मिली दूध
त्याच्यात पेटलं होतं.
छत्तीस पॉइंट सहा, सिस्टर म्हणाली,
आणि घाम पुसायला वळली.

नवव्या दिवशी त्याचं वजन पंधरा ग्रॅमनं वाढलं.
त्या रात्री मी कामावर गेलो.
पहाटेचे आकडे भरताना
हात शेवटच्या रकान्यावर थांबला.
"चुकलं काय?" गजभिये म्हणाला.
नाही म्हटलं, बरोबर आहे. लिहिलं.

उजाडल्यावर गेटबाहेर आलो.
टॉवरच्या वाफेवर घारी चढत होत्या,
पंख न हलवता.