समुद्र गेल्यावरचा धडा

अरलच्या आमच्या काठावर 'मी पाहिलं' म्हणणं
उद्धटपणाचं मानत.
मासा दिसला, म्हणायचं. होडी दिसली.
वस्तू एवढी चालत आपल्यापर्यंत येते, उल्बोसिन सांगायची,
ती दारात उभी असताना
आपण आपलंच नाव कसलं घेत बसायचं?

तिच्या नावाचा अर्थ 'आता मुलगा होऊ दे'.
जन्मल्या जन्मल्या आईबापांनी
तिच्या पलीकडे बघितलं होतं.

माशांच्या कारखान्यात ती डब्यांची झाकणं तपासायची,
एका पाळीला नऊ हजार.
दुपारच्या सुट्टीत बर्फघरामागे
आम्हा तिघांना काठाची विद्या शिकवायची,
मनगटाला चिकटलेले खवले नखानं काढत काढत.
ग्रंथ नव्हता. होता तो एक प्रश्न
आणि त्याचं उत्तर लांबणीवर टाकायच्या काही रीती.

प्रश्न असा: तुला कोण बघतंय?

मूल सात वर्षांचं झालं की त्याला एक वस्तू नेमून देत.
ओराझगुलच्या वाट्याला मेंढीच्या घोट्याचं हाड,
कल्लिबेकला पितळी बटण,
मला, जाल्गासला, जाळ्याचं शिशाचं वजन.
रोज झोपण्याआधी ते समोर ठेवायचं
आणि आपण त्याच्याकडे बघायचं नाही.
त्याला बघू द्यायचं.

आधी हसू यायचं. मग पायाला मुंग्या.
मग तिसऱ्या हिवाळ्यात केव्हातरी
खोलीत एक मुलगा बसलेला जाणवला,
कान लालबुंद, मोज्याला भोक,
आणि तो कुणी खास नव्हता.
इतका हलका मी पुन्हा कधीच झालो नाही.

'मी' म्हणजे जागोजाग ठेवलेली ठेव, ती म्हणायची.
थोडी किटलीकडे, थोडी कुत्र्याकडे,
भांडखोर शेजारणीकडे सगळ्यात जास्त.
माणूस गेला की त्याची वस्तू होडीतून नेऊन
पाण्यात सोडायची.
पुढे बघायचं काम समुद्राचं.

मग समुद्रच उठून गेला.

एकदम नाही. आधी धक्क्याच्या खालच्या पायऱ्या उघड्या पडल्या,
मग होड्या कुशीवर झोपल्या,
मग कारखान्यात परक्या समुद्रांचे मासे आगगाडीनं येऊ लागले;
त्यांच्या डोळ्यांत आमची ओळख नव्हती.
कल्लिबेक तेलविहिरींवर गेला.
ओराझगुलनं हाडाला भोक पाडून
लेकीच्या गळ्यात घातलं, शोभेसाठी.

मी उल्बोसिनला विचारलं, आता आपल्याला कोण बघणार?
खरं तर टोमणाच होता.
ती म्हणाली, चल.

चार तास. पायाखाली मीठ करकरत होतं,
मधे शिंपले, खुरटी झुडपं, एक गंजका नांगर.
जिथं होडी थांबवत, तिथं सगळं पडलं होतं:
चमचे, अंगुस्तानं, एका काचेचा चष्मा,
चिलमी, कुलपं, शेकडो बटणं,
आकाशाकडे तोंड करून.

उल्बोसिन थबकली. वाटलं, आता रडेल.
तिनं घाईघाईनं डोक्याचा रुमाल सारखा केला.
"एवढी माणसं," ती पुटपुटली,
"आणि मी ही घरातली फाटकी चप्पल घालून आले."

एक चिलीम तिनं ओळखली. उचलली नाही.
तिच्या बाजूनं जाताना मात्र
किंचित पाठ ताठ केली.

ती माघात गेली. थंडी अशी, की किटलीतलं पाणी दगड.
तिची वस्तू कधी कुणाला ठाऊक नव्हती;
उशीखालच्या फडक्यात निघालं
डब्याचं एक झाकण, छाप न पडलेलं,
नऊ हजारांतलं कुठलंही.

ते घेऊन एकटाच गेलो. मिठावर ठेवलं.
वारा सुटला होता, उडून जाऊ नये
म्हणून वर माझं शिशाचं वजन ठेवलं.
माझी वेळ झाली नव्हती, पण दुसरं जड काही
जवळ नव्हतं.

येताना मागं वळलो नाही.
सपाट जागा, आडोसा कुठलाच नाही.
बराच वेळ मी
दिसत होतो.