नग एकेचाळीस

भुसावळला डिसेंबरात इडलीचं पीठ फुगत नाही.
हे मल्लिगानं मला अकरा वर्षांपूर्वी सांगितलं,
जिन्यात, हातवारे करून.
मराठीतले तीनच शब्द होते तिच्याकडे:
पाणी, कधी आणि थंडी.
मी पातेलं घेतलं, रेल्वेच्या जुन्या कांबळीत गुंडाळलं,
गव्हाच्या कोठीत ठेवून दिलं.
सकाळी झाकण कलंडलेलं.
तेवढ्यावर ओळख झाली.

आता तिच्या नवऱ्याची बदली आलीय, ईरोडला.
अर्ज करकरून मागितलेली,
म्हणून रडायचीही सोय नाही.
शनिवारी गच्चीवर पार्टी.
मी म्हटलं, शेवभाजी करू, वडे, जिलबी.
ती म्हणाली, तुझ्या नवऱ्याची साखर दोनशे दहा,
माझ्याचं पोट गार्डाच्या डब्यात मावत नाही.
तळण नको. सगळं घासाएवढं करू,
उभ्यानं खाता येईल असं.

उभ्यानं? भरीत?

तरी पहाटे वांगी आणली,
हिरवी, पांढुरक्या रेघांची,
हातात घेतल्यावर वजन न लागणारी.
मागच्या अंगणात पऱ्हाटीच्या काड्या पेटवल्या.
मल्लिगा धुराच्याच बाजूला बसली,
डोळे पुसत राहिली.
मी सरक म्हटलं नाही.
मग बडगीत मिरची, लसूण,
वरून सोललेली वांगी,
आणि ठोकताना दोघींचा एकच ठेका,
एवढ्या वर्षांत आपोआप बसलेला.

तांदळाच्या जागी तिनं दादर भिजवली होती.
उडीद तोच, कांबळ तीच.
रुपयाएवढ्या इडल्या,
त्यांवर चिमूटभर भरीत, कांद्याची पात,
आणि एकेक शेंगदाणा,
शाळेच्या गणवेशाला बटण लावावं तसा.

कळण्याच्या वाट्या मात्र फुटल्या.
पहिला घाणा फुटला, दुसरा फुटला.
कळण्याला वाकायची सवय नाही,
माझ्या माहेरच्यांसारखी.
शेवटी उकडलेलं रताळं मळलं त्यात
तेव्हा कुठे तो ऐकायला लागला.
सगीराआपाच्या नानखटाईच्या ओव्हनमध्ये भाजल्या,
आत ओल्या हरभऱ्याचं वाटण, तीळ, लिंबू,
वर किसलेलं गाजर.
बाजरी-मेथीचे गोळे तिच्या बिडाच्या पात्रात,
खळग्यागणिक तेलाचा थेंब.
दुसरा थेंब टाकताना मी पकडले गेले.

संध्याकाळी लोको शेडची मंडळी आली.
ताटं फिरली, संपली, पुन्हा फिरली.
तासाभरानं कोणीतरी हळूच विचारलं,
छान झालं, वहिनी, पण जेवण कधी?

अमळनेरहून आलेल्या सासूबाईंनी
एक इडली दिव्याकडे धरली.
हाई काय शे?
भरीत, म्हटलं.
आसं बी भरीत ऱ्हास का व माय?
आणि मोजून सात खाल्ल्या.
आठवी पदराआड गेली, ती मी मोजली नाही.

खालून मालगाडी गेली.
बोलता बोलता मल्लिगाच्या नवऱ्यानं
सवयीनं हात वर केला,
शेवटच्या डब्याचा लाल दिवा जाईपर्यंत खाली घेतला नाही.
तिकडच्या गार्डाला काय दिसणार अंधारात?

सोमवारी ट्रक लागला.
पात्र ती मला देईल असं वाटलं होतं.
नाही दिलं. सकाळचं ऊन ऊनच
पेपरात गुंडाळून घेऊन गेली.
सहा वांगी नेली, बडगी माझ्याकडून मागून नेली,
आणि सुतळीनं बांधलेली पऱ्हाटीची मोळी,
तिकडे असला धूर मिळणार नाही म्हणून.

सामान मोजणारा पोरगा वही घेऊन थांबला.
नग एकेचाळीस. काय लिहू?
मी म्हटलं, काड्या.
मल्लिगा म्हणाली, भरीत लिही.
त्यानं दोघींकडे पाहिलं
आणि लिहिलं: किरकोळ सामान.